शीर म्हणजे नेमकं काय तुटलं?

वाळीवच्या शेडमध्ये पायावर पत्र्याची धार उतरो, पाचूबंदरला जाळं ओढताना पाकटाचा काटा पोटरीत घुसो, की नालासोपाऱ्याला लोकलच्या दांडीवरचा हात सुटो, दवाखान्यात सोबत आलेला माणूस एकच सांगतो, “डॉक्टर, पायाची शीर तुटलीय.” उत्तरेकडून आलेला कामगार ‘नस कट गयी’ म्हणतो. दोघांचंही खरं असतं, पण दोघांच्याही बोलण्यावरून नेमकं काय तुटलं ते कळत नाही. रक्त वाहून नेते ती मराठीत शीर. रात्री झोपेत पोटरीत आखडते तीही शीरच, पण ती असते स्नायू. आणि कमरेत दबून पायात कळ आणते ती शीर म्हणजे मज्जातंतू. शाळेत रोहिणी (म्हणजे धमनी) आणि नीला पाठ केलेल्या माणसालाही घरी आल्यावर ‘शीर’ एवढाच शब्द पुरतो.

गंमत अशी, की जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणात, म्हणजे आयसीडीच्या दहाव्या आवृत्तीत, या तिन्ही शिरा शेजारी शेजारी राहतात. गुडघ्याखालच्या मज्जातंतूची इजा एस८४, रक्तवाहिनीची एस८५, स्नायू आणि त्याच्या दोरीची एस८६. आपला एक शब्द, त्यांचे तीन खण. शीर कोणत्या खणात पडेल हे त्या पहिल्या तासात केसपेपरवर कुणी काय लिहिलं यावर ठरतं, आणि पुढे विम्यापासून कोर्टापर्यंत सगळे त्या कागदाच्याच भरवशावर चालतात. पायाच्या नीलांच्या दुखापती नोंदवण्याची ही पद्धत कुठून आली, तिच्यात काय मावतं, काय गळतं आणि वसई-विरारसारख्या शहरात तिचं काय होतं, याचा हा आढावा. विषय कारकुनी वाटेल. पण कारकुनी नोंदीवर ज्याचा दावा अडकला आहे त्याला तो तसा वाटत नाही.

आधी नकाशा पाहू. आयसीडी-१० मध्ये पायाच्या रक्तवाहिन्यांना तीन मजले आहेत. कंबरेचा सांधा ते मांडी एस७५, गुडघा ते घोट्याच्या वर एस८५, घोटा आणि पाऊल एस९५. मांडीत फिमोरल नीला एस७५.१ आणि मोठी सॅफिनस नीला एस७५.२. गुडघ्याखाली तीच मोठी सॅफिनस एस८५.३, छोटी सॅफिनस एस८५.४ आणि गुडघ्यामागची पॉप्लिटियल नीला एस८५.५. पावलाच्या वरच्या बाजूची नीला एस९५.२. अनेक वाहिन्या एकत्र तुटल्या तर शेवटी ७, इतर असेल तर ८, आणि काहीच कळत नसेल तर ९. या नऊला कोडिंगवाले मनातून घाबरतात, कारण नऊ म्हणजे ‘अनिर्दिष्ट’: कागद आहे, माहिती नाही.

नकाशात एक मोठी रिकामी जागा आहे. पोटरीच्या आत टिबियल आणि पेरोनियल नीलांच्या जोड्या असतात. पायात रक्ताच्या गुठळ्या बऱ्याचदा सुरू होतात त्या इथेच. त्याच नावांच्या धमन्यांना यादीत स्वतःचे आकडे आहेत, एस८५.१ आणि एस८५.२. नीलांना नाहीत, त्यांना ‘इतर’ म्हणून एस८५.८ मध्ये दाटीवाटीने बसावं लागतं. यादी बनवणाऱ्यांचा यात काही कट नव्हता. धमनी तुटली तर पाय जातो, पोटरीतली एखादी नीला तुटली तर बहुतेक वेळा निभावतं, असा शल्यविशारदांचा जुना अनुभव त्या यादीत उतरला आहे. पण जिला आकडा नाही तिची मोजणी होत नाही, आणि मोजणी नाही म्हणून तिचं पुढे काय झालं हेही कुणी विचारत नाही.

अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून या यादीची स्वतःची वाढीव आवृत्ती वापरायला घेतली. मूळ यादीत सुमारे चौदा हजार कोड आहेत, अमेरिकेच्या आवृत्तीत जवळपास सत्तर हजार. तिथे पॉप्लिटियल नीला कापली गेली तर नुसतं एस८५.५ चालत नाही. एस८५.५११ए असं लिहावं लागतं. दशांशानंतरचा ५ म्हणजे पॉप्लिटियल नीला, पुढचा १ म्हणजे कापली गेली, त्यापुढचा १ म्हणजे उजवा पाय (डावा असता तर २), आणि शेवटचा ‘ए’ म्हणजे उपचार अजून चालू. जखम भरत आली की ‘ए’चा ‘डी’ होतो, आणि जखम जाऊन तिचा परिणाम तेवढा मागे राहिला की ‘एस’. हा ‘ए’ म्हणजे ‘पहिली भेट’ असं समजणं ही नवशिक्याची हमखास चूक. तिसऱ्यांदा शस्त्रक्रिया होत असली तरी तो ‘ए’च राहतो. मांडीच्या फिमोरल नीलेबाबत तर किरकोळ कापली की पुरती, हेही वेगळं नोंदवावं लागतं. याच यादीत बदकाने धडक मारल्याचाही कोड आहे. त्यावर जगभर विनोद होऊन गेले आहेत, ते इथे पुन्हा नकोत.

ही आवृत्ती आमच्या भागात अनेकांना पाठ आहे. फार्मसी, बायोटेक, फिजिओथेरपी शिकलेली विरार-नालासोपाऱ्याची मुलंमुली पहाटेची लोकल धरून अंधेरी, ऐरोलीच्या कचेऱ्यांत अमेरिकी रुग्णांच्या कागदांना कोड लावण्याचं काम करतात. सीपीसी नावाची अमेरिकी परीक्षा देण्यासाठी क्लास लावतात. टेक्सासमधल्या कुणाची नीला उजव्या पायाची की डाव्या, कापली की चेंगरली, हे त्यांना कागदावरून शोधून काढावं लागतं. सापडलं नाही तर तिथल्या डॉक्टरला प्रश्न पाठवला जातो आणि उत्तर येईपर्यंत फाइल थांबते. त्यांतलीच एखादी मुलगी रात्री घरी येते त्या गल्लीतला शेजारी मोटारसायकलवरून पडला, तर त्याच्या डिस्चार्ज कार्डावर ‘सीएलडब्ल्यू लेग, सूचरिंग डन’ (पायाला चेंगरून फाटलेली जखम, टाके घातले) एवढंच असू शकतं. पाय कोणता, वाहिनी कोणती, शिवली की बांधून टाकली, काही नाही. आपल्या डॉक्टरांना येत नाही असं मुळीच नाही. तिकडे न लिहिण्याची किंमत रुग्णालयाला मोजावी लागते, इकडे ती रुग्णाच्या खात्यावर पडते, आणि तीही दहा वर्षांनी.

आता नावांचा घोळ, कारण आकडा नावावर उभा असतो. शरीरातली सर्वांत लांब नीला म्हणजे मोठी सॅफिनस. आतल्या घोट्याच्या पुढून निघते, पायाच्या आतल्या बाजूने वर जाते आणि जांघेत फिमोरल नीलेला मिळते. छोटी सॅफिनस बाहेरच्या घोट्यामागून पोटरीवर चढते आणि बहुधा गुडघ्यामागे मिळते. जुन्या इंग्रजी परंपरेत शिकलेले आपले सर्जन मोठीला ‘लाँग सॅफिनस व्हेन’ म्हणतात आणि कार्डावर लिहितात एलएसव्ही. दुसऱ्या पुस्तकांत छोटीला ‘लेसर सॅफिनस व्हेन’ म्हणतात, तिचंही लघुरूप एलएसव्ही! म्हणजे तीन अक्षरं तीच आणि नीला नेमक्या उलट. कार्डावरच्या एलएसव्हीवरून कोड लावणाऱ्याने एस८५.३ लावायचा की एस८५.४, हे तो सर्जन कोणत्या पुस्तकावर वाढला यावर ठरणार.

दुसरं नाव तर जिवावर बेतणारं होतं. मांडीतल्या खोल नीलेला बरीच वर्षं ‘सुपरफिशियल फिमोरल व्हेन’ म्हणत. सुपरफिशियल म्हणजे वरवरची, पण ती नीला वरवरची नाहीच, चांगली खोल आहे. सोनोग्राफीच्या अहवालात तिच्यात गुठळी लिहून आली की नावाला फसून काही डॉक्टर ती वरवरची समजत आणि रक्त पातळ करणारं औषध देत नसत. १९९५ मध्ये अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या नियतकालिकात या नावावर लेख आला. त्याच्या शीर्षकातच या चुकीच्या नावाला संभाव्य प्राणघातक म्हटलं होतं. पुढे २००१ मध्ये रोमला नीलातज्ज्ञांच्या परिषदेत ते नाव टाकून देण्याचं आणि सॅफिनसच्या जोडीला फक्त ‘ग्रेट’ आणि ‘स्मॉल’ म्हणण्याचं ठरलं. आयसीडी-१० त्याआधीच छापून झालेली, त्यामुळे तिच्यात ‘ग्रेट’ आणि ‘लेसर’ अशी विजोड जोडी राहून गेली आहे.

नावं नेमकी ठेवण्याची ओढ आपल्याकडे नवी नाही. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात शरीरातल्या सिरा सातशे मोजल्या आहेत. त्यांतल्या चारशे हातापायांत, म्हणजे एकेका पायात शंभर, आणि प्रत्येक पायात चार अशा की ज्यांना शस्त्र लावू नये. त्या चारांना नावंसुद्धा आहेत. आजच्या शरीरशास्त्राशी ती मोजणी जुळवायला जाऊ नये. पण रक्त काढण्यासाठी शस्त्र कुठे चालवायचं नाही हे शिष्याला सांगायचं, तर त्या जागेला नाव द्यावं लागतं, हे तिथे पक्कं ठाऊक होतं.

आयसीडीचा जन्म मात्र शस्त्रक्रियेतून झाला नाही, मरणाच्या हिशेबातून झाला. पॅरिसचा संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियाँ याने १८९३ मध्ये शिकागोच्या बैठकीत मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, आणि १९०० पासून दर दहाएक वर्षांनी तिची उजळणी होऊ लागली. (त्याचा भाऊ आल्फाँस हा गुन्हेगारांची अंगं मोजून त्यांची ओळख पटवणारा, मोजण्याचं वेड घरातलंच.) १९४८ मध्ये यादी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली तेव्हा सहाव्या आवृत्तीत प्रथमच जिवंत माणसांचे आजार आणि दुखापती नीट बसवल्या गेल्या. दहावी आवृत्ती १९९० मध्ये मंजूर झाली. हा मरणाचा वारसा यादीत अजून जाणवतो. काय तुटलं याचे कोड एका प्रकरणात आणि कशाने तुटलं याचे दुसऱ्या प्रकरणात. दुखापतीने माणूस मेला तर मूळ कारण म्हणून दुसऱ्या प्रकरणाचा कोड घ्यायचा, असा नियम आहे. लोकलमधून पडून गुडघ्यामागची नीला आणि धमनी फाटली आणि रक्तस्रावाने कुणी गेला, तर जागतिक हिशेबात तो ‘आगगाडीतून पडून’ गेला. नीला मूळ कारणाच्या रकान्यात येतच नाही.

नीलेचा वेगळा हिशेब ठेवला की काय हाती लागतं, हे युद्धांनी दाखवलं. दुसऱ्या महायुद्धात पायाची मुख्य धमनी फुटली की बहुधा ती बांधून टाकत. १९४६ मध्ये डिबेकी आणि सिमिऑन यांनी अमेरिकी सैनिकांच्या २,४७१ धमनी-दुखापतींचा हिशेब मांडला. ज्यांच्या धमन्या बांधल्या त्यांतल्या सुमारे निम्म्यांचा तो हात किंवा पाय कापावा लागला होता. पुढे व्हिएतनाम युद्धात नॉर्मन रिच या सर्जनने वॉल्टर रीड रुग्णालयात रक्तवाहिन्यांच्या दुखापतींची नोंदवही सुरू केली. १९७० मध्ये त्यातल्या हजार धमनी-दुखापतींचा लेख आला, आणि त्याच नोंदीतून नीलांचं वेगळं पान उघडलं. मोठी नीला बांधावी की शिवावी, हा वाद त्या पानावर सुरू झाला. विशेषतः गुडघ्यामागची नीला शक्य तर शिवावी, नाहीतर रक्त पायात जातं पण परत येत नाही, पाय फुगतो आणि शिवलेली धमनीही धोक्यात येते, असं रिच यांचं म्हणणं. वाद आजही पुरता मिटलेला नाही. पण ‘पायाला गोळी लागली’ एवढंच लिहिलं असतं तर तो सुरूही झाला नसता.

वसई-विरारला असं पान नाही. शहर मोठं आहे. चार नगरपालिका आणि भोवतालची गावं मिळून ३ जुलै २००९ रोजी महापालिका झाली. २०११ च्या जनगणनेत लोकसंख्या बारा लाखांवर होती आणि त्यानंतर पूर्वेच्या टेकड्यांपर्यंत चाळी चढल्या. १ ऑगस्ट २०१४ ला पालघर जिल्हा ठाण्यातून वेगळा निघाला, पण गंभीर दुखापतीची वाट मुंबईचीच राहिली. मधून मुंबई–अहमदाबाद महामार्ग जातो: चिंचोटी, सातिवली, पेल्हार, विरार फाटा. पश्चिमेला रेल्वे. शहरात महापालिकेची वसईचं सर डी. एम. पेटिट आणि नालासोपाऱ्याचं तुळिंज ही रुग्णालयं, बंगलीला कार्डिनल ग्रेशियस, आणि खासगी दवाखाने अनेक. रक्तवाहिनी शिवणारा सर्जन दर ठिकाणी दिवसरात्र हजर नसतो. तो मुंबईतही सगळीकडे नसतो. रक्तपुरवठा तुटलेल्या पायाला साधारण सहा तासांची मुदत मानतात. वरसावे पुलावर आणि घोडबंदरच्या वळणावर वाहनं अडकली, की त्या सहातला मोठा वाटा तिथेच जातो.

कोडिंगच्या दृष्टीने या प्रवासाचा परिणाम असा, की एकाच दुखापतीचे दोन-तीन कागद होतात. पहिल्या ठिकाणी घट्ट पट्टी बांधून ‘रेफर’ लिहिलं जातं. तिथला कोड, लावलाच तर, उघड्या जखमेचा, एस८१. दुसऱ्या ठिकाणी एक्स-रे निघतो, हाड मोडलेलं दिसतं, एस८२. तिसऱ्या ठिकाणी डॉप्लर होतो किंवा शस्त्रक्रियेत नीला दिसते, तेव्हा कुठे एस८५. नियमाने तिन्ही एकत्र यावेत आणि वाहिनीची इजा मुख्य असेल तर तिचा कोड आधी यावा. पण तिसरा कागद मुंबईच्या रुग्णालयाच्या हिशेबात जमा होतो. पालघर जिल्ह्याच्या वाट्याला येते एक ‘उघडी जखम, पुढे पाठवला’. म्हणून आमच्याकडे अशा दुखापती किती होतात असं विचारलं तर कागद सांगतात फार नाहीत. त्या होतात इथे आणि मोजल्या जातात तिकडे.

रेल्वेचं प्रकरण वेगळं काढायला हवं. विरारहून मुंबईला पहिली गाडी १८६७ मध्ये गेली. विरारच्या गर्दीची ख्याती महाराष्ट्राला सांगायला नको. रुळांवर पाय सापडला की काय तुटलं यापेक्षा कसं तुटलं यावर जास्त घोडं अडतं. आयसीडी-१० मध्ये गाडीतून पडला तर व्ही८१.६, चढता-उतरता लागलं तर व्ही८१.४, आणि रूळ ओलांडताना पायी माणसाला गाडीने ठोकरलं तर व्ही०५. लोहमार्ग पोलिसांच्या वहीतही याच धर्तीचे रकाने असतात: रूळ ओलांडताना, गाडीतून पडून, फलाटाच्या फटीत, खांबाला धडकून. त्यातला ‘खांबाला धडकून’ हा रकाना खास मुंबईचा; जागतिक यादीत त्याला स्वतःचा खण नाही. जिनिव्हाच्या समितीने दाराबाहेर लोंबकळणारे प्रवासी गृहीत धरले नसावेत.

व्ही८१ आणि व्ही०५ मधल्या फरकाला इथे रुपयांत किंमत आहे. रेल्वे अधिनियम १९८९ च्या कलम १२४अ नुसार तिकीट किंवा पास असलेला प्रवासी गाडीतून पडला तर भरपाई मिळते, त्यात चूक रेल्वेची होती की नाही हे पाहिलं जात नाही. रूळ ओलांडणारा मात्र त्याच अधिनियमाच्या कलम १४७ खाली अतिक्रमण करणारा ठरतो. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रिना देवी प्रकरणात स्पष्ट केलं की चढता-उतरता पडणं हीसुद्धा ‘अनिष्ट घटना’च, आणि प्रवाशाचा निष्काळजीपणा म्हणजे स्वतःहून करून घेतलेली इजा नव्हे. मृत्यूची भरपाई २०१७ पासून आठ लाख आहे. इतकं ज्यावर अवलंबून, ते वाक्य दवाखान्यात कसं लिहिलं जातं? बहुतेक वेळा ‘एच/ओ रेल्वे ॲक्सिडेंट’. गाडीतून की गाडीखाली, हे त्या दोन शब्दांत नसतं. माणूस शुद्धीवर असताना त्याला एक प्रश्न जास्त विचारून उत्तर केसपेपरवर घेतलं, तर पुढे न्यायाधिकरणात तो कागद साक्षीदारासारखा उभा राहू शकतो.

फौजदारी कायद्याची मोजपट्टी आणखी निराळी. जुन्या भारतीय दंड संहितेचं कलम ३२० आणि १ जुलै २०२४ पासूनचं न्याय संहितेचं कलम ११६ ‘जबर दुखापत’ म्हणजे काय ते आठ प्रकारांत सांगतात. त्यात हाड मोडणं आहे, दात पडणंही आहे. नीला तुटणं नाही. दात पडला तर दुखापत आपोआप जबर. मांडीची नीला कापून माणूस दोन बाटल्या रक्त घेऊन वाचला, तर डॉक्टरला ‘जिवाला धोका होता’ असं लिहून ती जबर ठरवावी लागते, किंवा तो किती दिवस कामावर जाऊ शकला नाही ते दाखवावं लागतं. पूर्वी वीस दिवस लागत, आता पंधरा. कामगार भरपाईचा १९२३ चा जुना कायदाही असाच तुकड्यांनी मोजत असे: अंगठा गेला की कमावण्याची ताकद तीस टक्के गेली. जे अंगापासून वेगळं होतं त्याचा दर ठरलेला असतो. आत राहून बिघडतं त्याचा ठरलेला नसतो.

आणि नीला नेमकी आत राहून बिघडते. या विषयातला मला सर्वांत दुर्लक्षित वाटणारा भाग हाच. बांधलेल्या किंवा चेंगरलेल्या खोल नीलेत गुठळी होते. झडपा निकामी होतात. वर जायचं रक्त खाली साचत राहतं. माणूस बरा होऊन कामाला लागतो. काही वर्षांनी संध्याकाळी पाय सुजायला लागतो, आतल्या घोट्याच्या वरची कातडी काळवंडते, एक दिवस तिथे जखम होते आणि भरतच नाही. दिवसभर उभ्याचं काम आणि वर चर्चगेटपर्यंत साठ किलोमीटर उभ्याने प्रवास, हे त्या पायाला मानवत नाही. तो डॉक्टरकडे जातो तेव्हा त्याचा कोड बदललेला असतो. दुखापतीचं अक्षर ‘एस’. रक्ताभिसरणाच्या आजारांचं ‘आय’. गुठळीनंतरचा त्रास म्हणजे आय८७.०, पण घाईत पाय पाहून बहुधा लिहिलं जातं ‘व्हेरिकोज अल्सर’, आय८३.०.

हे एक अक्षर महाग पडतं. २०२० पासूनच्या प्रमाणित आरोग्य संजीवनी पॉलिसीत पहिले चोवीस महिने ज्या आजारांचा खर्च मिळत नाही त्यांत व्हेरिकोज शिरा आणि त्यांच्या जखमा आहेत. पण त्याच कलमात पुढे लिहिलं आहे की अपघातातून उद्भवलेल्या दाव्याला ही अट लागू नाही. आता समजा, पॉलिसी घेतल्यावर तीन महिन्यांनी महामार्गावर एकाची नीला चेंगरली, आणि वर्षभरात जखम झाली. कागदावर आय८३.० आलं तर दावा प्रतीक्षेच्या यादीत जातो. आय८७.० आणि सोबत पायाच्या जुन्या दुखापतीच्या परिणामांचा टी९३ आला, मागचं डिस्चार्ज कार्ड जोडलेलं असलं आणि त्यात नीलेचं नाव असलं, तर भांडायला जागा राहते. रुग्णालयाने भरायच्या दावापत्राच्या ‘ब’ भागात आयसीडी-१० साठी चौकटी छापलेल्या असतातच. त्या कोण भरतं? पुष्कळदा बिलिंगच्या खिडकीतला मुलगा, कार्डावर जे सापडेल त्यावरून. त्याला दोष देण्यात अर्थ नाही. कार्डात नीला नसेल तर तो ती कुठून आणणार?

सरकारी योजनांमुळे कोड लिहायची सवय वाढली, पण वेगळ्या कोडांची. राजीव गांधी जीवनदायी योजना २०१२ मध्ये आठ जिल्ह्यांत, आणि नोव्हेंबर २०१३ मध्ये राज्यभर, म्हणजे तेव्हा ठाणे जिल्ह्यात असलेल्या वसईतही आली; २०१७ मध्ये तिला महात्मा जोतिराव फुले यांचं नाव मिळालं. सुरुवातीला तिच्यात ९७१ उपचार होते आणि प्रत्येकाला पॅकेजचा आकडा. पैसे शस्त्रक्रियेच्या आकड्याला मिळतात, निदानाच्या नाही. ज्या कोडाला पैसे चिकटलेले असतात तो जपून लिहिला जातो, ही जगाची रीत. अमेरिकेत निदानाच्या कोडावर दावे अडतात म्हणून तिथे उजवा-डावा पाय सुटत नाही.

नव्या गोष्टींपैकी आयसीडीची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे. तिच्यात मूळ कोडाला मागून तुकडे जोडता येतात: बाजू उजवी की डावी, इजा कशी, कशाने. म्हणजे अमेरिकेने सत्तर हजार कोडांत जे कोंबलं ते इथे जोडकामाने होतं, आणि ‘काय तुटलं’ व ‘कशाने तुटलं’ एकाच साखळीत बांधता येतं. १० जानेवारी २०२४ ला दिल्लीत आयुर्वेद, सिद्ध आणि युनानी निदानांचा भागही तिला जोडला गेला. दुसरीकडे डॉक्टरने लिहिलेल्या शब्दांसाठी स्नोमेड-सीटी ही परिभाषा आहे; भारत २०१४ मध्ये तिचा सदस्य झाला आणि तिचं राष्ट्रीय केंद्र पुण्याला सी-डॅकमध्ये आहे. देशात ती वापरायला पैसे पडत नाहीत. तिच्यात ‘लाँग’, ‘ग्रेट’, ‘ग्रेटर’ अशी सगळी नावं एकाच संकल्पनेला बांधता येतात. लघुरूपाचा घोळ मात्र तिलाही सोडवता येणार नाही, कारण एलएसव्ही लिहिणाऱ्याच्या मनात काय होतं ते कोणत्याच संगणकाला दिसत नाही.

तेव्हा मुळात लागते ती कार्डावरची एक ओळ. ‘उजवा पाय, गुडघ्यामागे, पॉप्लिटियल नीला अर्धी कापलेली, शिवली, धमनी शाबूत, नालासोपाऱ्याला लोकलमधून उतरताना पडून.’ उजवा पाय अमेरिकी यादीला आणि अकराव्या आवृत्तीला हवा असतो. नीलेचं नाव एस८५.५ ला. ‘शिवली’ हे दहा वर्षांनी सुजलेला पाय बघणाऱ्याला. ‘उतरताना पडून’ हे व्ही८१.४ ला आणि रेल्वेच्या न्यायाधिकरणाला. ‘धमनी शाबूत’ याला मात्र कुठल्याच आवृत्तीत कोड नाही, कारण यादी फक्त बिघडलेल्याची असते. आणि रात्री दोन वाजता वरसावे पुलापलीकडे ॲम्ब्युलन्समधून रुग्ण उतरवून घेणारा सर्जन कार्डावर सगळ्यात आधी तेच दोन शब्द शोधतो.